पिलारबाईंचा आवाज

फिजोआ हे फळ मला आवडत नाही, हे आधीच सांगून टाकते. दिसायला पेरू आणि खायला पेरू नाही, इथेच आमचं बिनसतं. पण न्यूझीलंडमध्ये एप्रिल लागला की या फळापासून सुटका नाही. ज्याच्याकडे झाड आहे त्याच्या अंगणात रोज सकाळी हिरवा सडा, आणि ज्याच्याकडे नाही त्याच्या दारात पिशव्या. ऑफिसच्या किचनमध्ये टोपल्या भरभरून ठेवलेल्या. हवेत का, असं कुणी विचारत नाही. माणूस दिसला की त्याच्या हातात पिशवी द्यायची आणि आपलं अंगण मोकळं करायचं, अशी इथली रीत.

परवा पामर्स्टन नॉर्थहून खोका आला. फ्लॅट बुश या उपनगरातल्या आमच्या नव्या घराला अंगण असं नाहीच, कुंपणाला कुंपण लागून घरं, त्यामुळे झाडाचा प्रश्न नाही. तरी हा खोका दर वर्षी येतोच. वरचं अक्षर ब्रायनचं, म्हणजे तिथल्या आमच्या जुन्या शेजारीण पिलारबाईंच्या नवऱ्याचं. संध्याकाळी फोनही त्याचाच.

"पिलार सेज, हीप्स धिस यिअर," तो म्हणाला. मागून टेबलावर बोटांची टकटक. "शी सेज, तुला आवडत नाहीत हे तिला माहितेय. तरी खा." पुन्हा टकटक. "शी सेज, तू फार ओरडतेस. घशाला बरे असतात."

मी हसले, फोन ठेवला, आणि खोक्याकडे बघताबघता डोकंच फिरलं. पिलारबाईंचं बोलणं आता ब्रायन बोलतो. त्याच्या त्या सपाट, थंड, हवामानाचा अंदाज सांगावा तशा आवाजात. ज्या बाईची सगळी हयात दुसऱ्याच्या आवाजाशी भांडण्यात गेली, तिच्या नशिबी म्हातारपणी हा आवाज यावा! देवाला थोडी तरी अक्कल असती तर त्याने असला प्रयोग लावला नसता.

आम्ही पामर्स्टन नॉर्थला गेलो तेव्हा आमची मुलगी सई चार वर्षांची होती. माझ्या नवऱ्याला, सुहासला, तिथल्या संशोधन संस्थेत नोकरी लागली होती. दूध, चीज, त्यातले जंतू, असलं काहीतरी. तो सायकलवरून लॅबला जायचा आणि मी घरात बसून वारा ऐकायचे. त्या गावचा वारा म्हणजे एक वेगळंच प्रकरण आहे. वाळत घातलेले कपडे शेजारच्याच्या शेजारी सापडतात. पुण्यात मी रोज संध्याकाळी तालमीला जायचे, इथे संध्याकाळी डेअरीत जायचे, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानात, ब्रेड आणायला. तेवढीच माझी एंट्री आणि तेवढीच एक्झिट.

एक दिवस मी मागच्या अंगणात सईला झापत होते. ती मराठीत विचारलेल्याला इंग्रजीत उत्तर द्यायला लागली होती, त्यावरून. माझा आवाज चढला. तेवढ्यात कुंपणापलीकडून सिगरेटचा धूर आला आणि धुरामागून एक बाई. साठीच्या पुढची, केस काळेभोर रंगवलेले, पायात जँडल्स, म्हणजे रबरी चपला, आणि कानात मात्र लग्नाला जावं तसे डूल.

"तुझा आवाज पोटातून येतो," त्या इंग्रजीत म्हणाल्या. "घशातून नाही. कुठे शिकलीस?"

मला इथे येऊन दोन वर्षं झाली होती. सगळे माझा व्हिसा विचारायचे, भात रोज खाता का विचारायचे, हे कुणी विचारलं नव्हतं. मी म्हटलं, नाटकात. त्यांनी फिजोआची पिशवी कुंपणावरून माझ्या हातात दिली आणि म्हणाल्या, "मीपण."

त्यांचं 'मीपण' हे माझ्या 'नाटकात'पेक्षा बरंच मोठं होतं, ते हळूहळू कळत गेलं. पिलारबाई स्पेनच्या दक्षिणेकडच्या, समुद्रकाठच्या कादिसच्या. आई फिरत्या नाटक कंपनीत नटी. कपड्यांच्या पेटाऱ्यात निजवून वाढवलेली पोर. चालायला लागल्यावर रंगमंचावर, बोलायला लागल्यावर संवाद. दिवसाला दोन प्रयोग, मधल्या वेळात केस विस्कटू नयेत म्हणून बसून झोपायचं. विशीत माद्रिदला गेल्या, तिथे नाव झालं, मग सिनेमावाले आले. दिसायला अशा होत्या की मी जुने फोटो बघून त्यांच्याकडे आणि फोटोकडे आळीपाळीने बघत राहिले. "बघ, बघ," त्या म्हणाल्या, "मलाही पटत नाही."

पहिला सिनेमा लागला तेव्हा त्या आईला नवा झगा शिवून घेऊन गेल्या. अंधार झाला. पडद्यावर पिलारबाई आल्या, सुंदर दिसल्या, त्यांनी तोंड उघडलं आणि त्यातून दुसऱ्याच बाईचा आवाज आला. पातळ, गोड, माद्रिदी. दिग्दर्शकाने न सांगता डबिंग करून टाकलं होतं. दक्षिणेकडचा हेल हिरॉइनला शोभत नाही म्हणे, मोलकरणीला शोभतो. आईने अंधारात त्यांच्याकडे वळून विचारलं, "ही कोण?"

हे ऐकलं आणि मी ताडकन उठून उभी राहिले. का, ते सांगते. मी कराडची. पुण्यात एका नामवंत ग्रुपमध्ये सहा वर्षं घासली. सहाही वर्षं मी "बाईसाहेब, चहा ठेवू का?" एवढंच म्हणाले, कधी फिरवून "साहेब, चहा ठेवू का?" अभिनय उत्तम आहे हो, पण भाषेला जरा गावचा वास येतो, असं आमचे दिग्दर्शक चहा पिताना सांगायचे. आणि मी हसून ऐकून घ्यायचे! आजही आठवलं की स्वतःच्याच थोबाडीत एक द्यावीशी वाटते. तेव्हा पिलारबाईंना हे सांगितलं, तर त्या एवढंच म्हणाल्या, "तुला निदान चहा तुझ्या आवाजात मिळाला."

त्यांचे सगळे सिनेमे तसेच. चेहरा यांचा, आवाज तिचा. ती डबिंगवाली बाई यांना एकदाच भेटली, कुठल्याशा जिन्यात. बुटकी, चष्मा लावणारी, अगदी भली. "मला तिला शिव्याही देता आल्या नाहीत," पिलारबाई म्हणायच्या. आपला आवाज फक्त नाटकात, आणि नाटक कोण रेकॉर्ड करून ठेवतो? पडदा पडला, विरलं. मग ब्रायन आला. चीज कसं करतात ते शिकायला स्पेनला आलेला, एक अक्षर कळत नसताना रोज पहिल्या रांगेत येऊन बसलेला. त्याला विचारलं तर तो म्हणाला, "वेल, शी वॉज लाउड." एक वर्ष न्यूझीलंडला जाऊन येऊ, म्हणाला. एक वर्ष! आमच्याही घरी 'दोन वर्षं बघू, नाहीतर परत' असंच ठरलं होतं. ही पुरुषमंडळी वर्षं कुठल्या कॅलेंडरात मोजतात कोण जाणे.

पामर्स्टनच्या हौशी नाटकमंडळात त्या कैक वर्षं जात राहिल्या. त्यांना मिळालं काय? परकी म्हातारी, वेडी काउंटेस, आणि एकदा भूत. बोलणारं नाही, नुसतं फिरणारं. त्यांच्याबरोबर मीही एकदा ऑडिशनला गेले. मला बाजारातल्या गर्दीतली एक बाई मिळाली. येताना गाडीत आम्ही दोघी इतक्या हसलो की त्यांना खोकला लागला, आणि तो थांबेचना.

त्यांच्याकडे एका सिनेमाची व्हिडिओ टेप होती. फिजोआचे दिवस, हीटर नुकते लागायला लागलेले. त्यांनी टेप लावली. पडद्यावरची पोरगी खिडकीत आली, त्या पातळ आवाजात काहीतरी म्हणाली. पिलारबाईंनी रिमोट उचलून आवाज बंद केला आणि सोफ्यावर बसूनच, त्या पोरीच्या ओठांबरोबर ओठ हलवत, सगळा प्रसंग स्वतः म्हटला. जाड, खरखरीत, शब्दांचे शेवट खाऊन टाकणारा तो आवाज. मला एक शब्द कळला नाही आणि अंगावर काटा आला. पोरगी एकदम खरी झाली, तिला पोटातला आवाज मिळाला, गाव मिळालं. सई खाली बसून फिजोआ चमच्याने कोरून खात होती, तिचा चमचा तोंडाशी तसाच राहिला.

तो खोकला मात्र गेला नाही. इथला डिसेंबर-जानेवारीचा उन्हाळा सगळा आवाज बसलेला. मार्चमध्ये हॉस्पिटलच्या चकरा सुरू झाल्या आणि एका सकाळी पिलारबाई कुंपणापाशी येऊन उभ्या राहिल्या. हातात सिगरेट नव्हती, त्यावरूनच मी ओळखलं. घशात गाठ होती. ऑपरेशन मेच्या पहिल्या आठवड्यात. स्वरयंत्र काढणार. जीव वाचेल बहुधा, आवाज जाणार.

"मला स्टेज पाहिजे," त्या म्हणाल्या. "एकदाच. कुठलंही. दिवे पाहिजेत आणि समोर माणसं पाहिजेत."

मी म्हटलं, थांबा, बघतेच.

आमच्या इथल्या मराठी मंडळाचा महाराष्ट्र दिनाचा कार्यक्रम ऑपरेशनच्या आधीच होता. पंधरा-वीस कुटुंबं, शाळेचा हॉल, मुलांचं लेझीम, मसालेभात. सेक्रेटरी अविनाशराव, पुण्याचे, आयटीवाले, माणूस कामसू पण स्वतःच्या घड्याळाच्या प्रेमात. "स्पॅनिशमध्ये? अहो, लोकांना कळणार काय?" ते म्हणाले. मी म्हटलं, "अध्यक्षांचं भाषण तरी कुणाला कळतं? तेही ऐकतोच ना?" शेवटी दहा मिनिटं मिळाली. लेझीमच्या आधी.

त्या एप्रिलभर आमच्या बैठकीच्या खोलीत तालीम चालली. त्यांच्या आईच्या कंपनीतलं एक जुनं स्वगत: नवरा समुद्रात गेलेला, त्याची होडी विकायला गावकरी दारात आलेले, आणि ही बाई दारातून हलत नाही. डॉक्टरांनी कमी बोला म्हणून सांगितलं होतं. त्या दिवसभर गप्प राहायच्या आणि साठवलेलं सगळं संध्याकाळी माझ्या कार्पेटवर ओतायच्या. आवाज अर्धा फाटलेला, पण फाटल्यामुळे आणखीच लागायचा. सुहासने नवा हँडीकॅम घेतला होता, तो येताजाता सगळ्यांचं शूटिंग करायचा. त्यालाही पिलारबाईंनी दटावलं. "तालीम म्हणजे स्वयंपाकघर," त्या म्हणाल्या. "ताट वाढल्यावर फोटो काढ." मी कळवळून सांगितलं, अहो, एकदा तरी काढू द्या, उद्याचं कुणी पाहिलंय? नाही म्हणजे नाही. हट्टीपणाला काही सीमा असते की नाही? त्यांच्या हट्टाला नव्हती.

कार्यक्रमाच्या दिवशी मीच साडी नेसून दारात स्वागताला. हॉलभर मसालेभाताचा वास, पोरं फेटे सावरत पळताहेत, ब्रायन पहिल्या रांगेत, त्याची ती कायमची जागा. आपल्या पद्धतीप्रमाणे नटराजाची पूजा झाली, नारळ फुटला. पिलारबाईंना नारळ फार आवडला. काळा साधा झगा, केस बांधलेले, आणि हात बर्फासारखे गार. घाबरलेल्या होत्या. एवढ्या प्रयोगांनंतर, चाळीसेक माणसांसमोर, घाबरलेल्या होत्या. मला त्यांचा फार अभिमान वाटला.

मग अविनाशरावांची बायको वृंदा आली. हातात तबक. मंडळाची रीतच आहे: पाहुणा कलाकार स्टेजवर जायच्या आधी बाईमाणूस असेल तर हळदीकुंकू, आणि मग मंडळाची शाल. शाली पुण्याहून गठ्ठ्याने आणलेल्या, पिवळ्याधमक, जरीकाठी. वृंदाने प्रेमाने हळदीचं बोट पिलारबाईंच्या कपाळाला लावलं, कुंकू लावलं आणि शाल खांद्यावर घातली. तेवढ्यात कुणीतरी विंगेचा पडदा सरकवला आणि आतलं स्टेज दिसलं. मागे वृंदाच्याच लग्नातला पिवळा शालू ताणून लावलेला. झेंडूची तोरणं. पिवळंच पिवळं.

पिलारबाईंनी शाल अशी काढली की जणू पेटली होती. बोटाने कपाळ चोळलं, बोट बघितलं. पिवळं.

स्पेनमध्ये नाटकवाले स्टेजवर पिवळं घालत नाहीत. पिवळं म्हणजे मरण. त्यांच्या कंपनीत कुणी पिवळा रुमाल जरी बाळगला तरी त्याला घरी धाडत. हे मला नंतर ब्रायनने सांगितलं. त्यांनी मला कधी सांगितलं नव्हतं, कारण नाटकवाल्या बाईला हे सांगावं लागतं, हे त्यांच्या डोक्यातच आलं नाही. आणि हळद, शाल, शालू हे मी त्यांना आधी सांगावं, हे माझ्या डोक्यात आलं नाही. हळद कुणाला सांगून लावतात का?

त्या ओरडल्या. आधी इंग्रजीत, मग स्पॅनिशमध्ये. हे अंगावर घेऊन आत गेले तर ऑपरेशनच्या टेबलावरून उठणार नाही. मीही ओरडले. रागाने माझं इंग्रजी पळालं आणि मी मराठीत सुरू झाले. अहो बाई, हळद आहे ती! शुभ असते! आमच्यात नवरीला लावतात! शाल नको तर नका घेऊ, पण चला! त्या मागच्या शालूकडे बोट दाखवत राहिल्या. मी अविनाशरावांना म्हटलं, तो शालू काढा, पाच मिनिटांचं काम आहे. ते म्हणाले, "सेफ्टी पिना आहेत सगळीकडे, आणि हळद अशुभ म्हणतात त्या? आपल्याच कार्यक्रमात?" वृंदाच्या डोळ्यांत पाणी. चूक कुणाची म्हणून सांगू? मला तेव्हा सगळ्यांचीच वाटत होती आणि आजही वाटते. घड्याळवाल्या माणसाने घड्याळ बघितलं, आणि लेझीम सुरू झालं.

पिलारबाई ब्रायनच्या गाडीत बसून गेल्या. मी विंगेत शाल हातात घेऊन उभी. समोर पोरं नाचताहेत, हॉलभर टाळ्या, आणि मला एकेकाला धरून बडवावंसं वाटत होतं. घरी आल्यावर रडले ते दुःखाने नाही, संतापाने. एवढ्याशा रंगापायी! आपण अडाणी म्हणून ज्यांना हसतो तीही माणसं वेळ बघून वाकतात. ही बाई माद्रिद गाजवून आली आणि एका शालूपुढे अडली.

ऑपरेशन झालं. त्या उठल्या टेबलावरून. गळ्याला पट्टी, खाली श्वास घ्यायचं भोक, आणि आवाज नाही. कुजबुजही नाही, नुसते ओठ. मी भेटायला गेले तर माझ्याकडे बघून ओठांनी पहिलं वाक्य म्हणाल्या ते असं: "बघ, जगले." घ्या! वाद त्यांनी जिंकला होता. जिंकून हरणं कशाला म्हणतात ते मला त्या खाटेपाशी कळलं.

आणि मग जुलैच्या थंडीत एका रविवारी सुहासला आठवलं, की त्या दिवशी हँडीकॅम विंगेतच होता. पिलारबाईंची एंट्री बाजूने घ्यावी म्हणून त्याने स्टँडवर लावून आधीच सुरू करून ठेवला होता. भांडण झालं तेव्हा तो चालूच होता. स्वतः केलेलं शूटिंग तो कधीच बघत नाही, म्हणून इतके दिवस कळलं नाही.

टेप घेऊन आम्ही शेजारी गेलो. ब्रायनने चहा केला, पिलारबाई रिमोट घेऊन सोफ्यावर. विंग दिसली. काळा झगा, पिवळी शाल. शाल जमिनीवर. आणि पिलारबाई बोलल्या.

"नो. नॉट विथ धिस. आय डोंट गो टू माय डेथ इन अ शॉल."

काय आवाज होता तो! फाटलेला, पोटातून आलेला, हॉलच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचलेला. टेपमध्येसुद्धा ऐकू येतं, पलीकडची पोरं एकदम गप्प झाल्याचं. आयुष्यभर टीव्हीचा आवाज बंद करणारी ती बाई रिमोटने आवाज वाढवत गेली. ब्रायनचा कप हातातच राहिला.

त्यापुढे टेपमध्ये मी येते. अहो बाई, हळद आहे ती. शुभ असते. आमच्यात नवरीला लावतात. त्या स्पॅनिशमध्ये पेटलेल्या आहेत, ओठ दिसताहेत, हात दिसताहेत, मान ताठ, सगळं अंग बोलतंय. पण कॅमेरा माझ्या बाजूला होता आणि माझाही आवाज पोटातून येतो. शेवटपर्यंत चित्रात त्या आहेत आणि ऐकू येते ती मी.

पिलारबाईंनी टेप थांबवली नाही. सगळी बघितली. मग पडद्याकडे बोट करून, माझ्याकडे वळून ओठांनी विचारलं, "ही कोण?"

आणि हसल्या. खांदे गदगदा हलताहेत, डोळ्यांतून पाणी, आणि आवाज नाही. मी हसले नाही. मला अजून हसू येत नाही.

ती टेप आम्ही नंतर डीव्हीडीवर घेतली. फिजोआचा खोका आला की मी एकदा लावते. सईला वाटतं, आई वेडी आहे. "मम, नॉट अगेन," ती म्हणते. म्हणू दे. शाल जमिनीवर पडते, पिलारबाई मान वर करतात, आणि तेवढं एक संपूर्ण बोलणं त्यांच्या स्वतःच्या आवाजात होतं. मग मी कडेने येताना दिसते, तावातावाने, साडीचा पदर खोचत. मी तोंड उघडायच्या आत टीव्ही बंद करते.